पाटीवरचं छप्पर

८ नोव्हेंबर

सान यी म्हणाली, रोज संध्याकाळी माझं डोकं खाण्यापेक्षा वहीत लिहीत जा. बायकोचा सल्ला म्हणून आजपासून लिहितोय. वही चांगली आहे. लिहिण्यासारखं चांगलं काही नाही.

आमच्या बारा ई-बाईक आहेत. इतकी वर्षं नुसत्या भाड्यानं द्यायचो. चावी घ्या, नकाशा घ्या, संध्याकाळी परत आणा. आता आमच्या न्याउं ऊ गावच्या रस्त्यावर दर दहा पावलांना तेच दुकान झालंय. म्हणून या हंगामापासून वाटाड्यासह फेरी सुरू केली. पुढे मी, मागे मेहुणा टे झा, मधे पाहुणे. गर्दीची मोठी देवळं टाळायची आणि आडवाटेवरची पडकी, जुन्या चित्रांची देवळं दाखवायची. रंगूनच्या एका टूर कंपनीला कल्पना पसंत पडली आहे. डिसेंबरात त्यांची बाई येऊन फेरी करून बघणार. जमलं तर एप्रिलपर्यंत आठवड्याला तीन गट. नाही जमलं तर पाण्याच्या सणानंतर दुकान बंद, आणि मंडालेला सान यीच्या काकांच्या टायरच्या दुकानात. सान यीनं पोरीसाठी तिथल्या शाळेची चौकशीही करून ठेवली आहे. मला न सांगता.

अडचणी दोन. पहिली, टे झानं स्वस्तात आणलेल्या बॅटऱ्या. काटा बराच वेळ पूर्ण भरलेली दाखवतो आणि मग एकदम शून्यावर येतो. मी ओरडलो तर म्हणाला, "दाजी, माणसंही अशीच असतात."

दुसरी अडचण आई.

११ नोव्हेंबर

पहिली फेरी. दोन डच पाहुणे, नवरा-बायको, माझ्यापेक्षा वीतभर उंच. बाई वाळूत पडल्या, हसत उठल्या. चित्रं बघून खूश झाले. इथपर्यंत सगळं ठीक.

मग फ्वासो गावाच्या वळणावर आई रस्त्यात उभी. हातात चिंचेच्या वड्यांचा डबा, तोंडाला तनाखाचा, चंदनासारख्या सालीचा ताजा लेप, केसांत फूल. हात करून गाड्या थांबवल्या, जसा काही तिथं नाकाच आहे.

आमच्या वाटेवर आईचं देऊळ लागतं. आईचं म्हणजे आईनं बांधलेलं. बगानात पडक्या देवळांना तोटा नाही, आणि सत्त्याण्णवच्या सुमाराला पुण्य जोडायला ज्यानं त्यानं एकेक निवडून पुन्हा उभं केलं. आईच्या वाट्याला विटांचे गुडघाभर थर आणि डोकं नसलेला बुद्ध आला. तिनं बांगड्या विकल्या आणि वरचं सगळं उभं केलं. मूळचा कळस कसा होता कुणालाच ठाऊक नव्हतं. गवंड्यानं विचारलं, कसा करू? आई म्हणाली, छान कर. त्यानं छान केला. आठशे वर्षांच्या देवळांच्या मधे ते देऊळ अंत्ययात्रेला नवी कोरी लुंगी नेसून आलेल्या माणसासारखं दिसतं.

दारापाशी संगमरवरी पाटी आहे. दाते: पहिल्या ओळीत बाबा, ऊ बा थ्वे. दुसऱ्या ओळीत आई, दो म्या खिन. तिसऱ्या ओळीत, मुलगा मौं यान शिन. म्हणजे मी.

पाहुणे चपला काढून आत गेले. मी पाटीला पाठ लावून उभा राहिलो. डच माणसानं विचारलं, हे कोणत्या शतकातलं? मी म्हणालो, जुनं आहे. पाया जुनाच आहे, त्यामुळे हे पूर्ण खोटं नाही. आई शेजारीच होती. तिला परकी भाषा येत नाही हे बरं आहे.

१३ नोव्हेंबर

पुन्हा तेच. अर्धा तास गेला. पाटीसमोर उभं राहायचं तर तोंड दक्षिणेला येतं आणि ऊन थेट डोळ्यांत. पाहुण्यांना वाटत असेल, हा माणूस इथं ध्यानाला उभा राहतो.

१६ नोव्हेंबर

सान यी म्हणते, "सरळ सांगा ना आईंना, की पाहुणे जुनं बघायला येतात, इथं थांबता येणार नाही."

मी म्हटलं, कसं सांगू? मला आना वाटते, समोरच्याचं मन दुखेल म्हणून जीभच उचलत नाही.

"तुमची आना," ती म्हणाली. भात वाढता वाढता डाव तसाच हवेत. "पाहुण्याला नको म्हणायला आना. टे झाला बॅटऱ्या परत कर म्हणायला आना. आता आईला तोंडावर बोलायला आना. या आनेवर बसूनच आपण एक दिवस मंडालेला पोचणार आहोत. तिला बॅटरीसुद्धा लागत नाही."

मी म्हटलं, मग तू सांग.

"मी? सासूला?" ती म्हणाली, आणि भात वाढून मोकळी झाली.

२२ नोव्हेंबर

तझाउंमोनची पौर्णिमा. गावोगाव दिवे. आईनंही दिवे लावले. माझी अपेक्षा मेणबत्त्यांची होती. आईनं बुद्धामागे विजेची प्रभावळ बसवली आहे, लाल-हिरव्या-निळ्या दिव्यांची, गरगर फिरणारी. त्यासाठी खांबावरून तार ओढून देवळात जोडणी घेतली, लांबलचक बोर्ड आणला, आणि बोर्डाला जागा उरली म्हणून कर्णाही लावला. आता देऊळ अर्ध्या मैलावरून दिसतं, आणि एक मैलावरून ऐकू येतं.

"पोरा, कसं दिसतंय?" आईनं विचारलं.

मी म्हणालो, छान.

हे कुटुंब छान या शब्दानं बुडणार आहे.

२६ नोव्हेंबर

आज फेरी घेऊन पोचलो तर पाटीवर ताडाच्या झापांचं छप्पर. दोन बांबू, वर झापं, खाली बाक. पाटी तशीच ठेवली असती तर निदान भिंतीत मिसळून गेली असती. आता ती एखाद्या दुकानाच्या पाटीसारखी नजरेत भरते.

आई शेजारणीला सांगत होती, मला ऐकू येईल इतक्या मोठ्यानं, "रोज उन्हात उभा राहतो गं. आपल्या बापाच्या आणि आपल्या नावापाशी. हलत नाही. म्हटलं, सावली तरी करावी."

शेजारीण म्हणाली, "पुण्यवान आहेस, म्या खिन. आमचा मुलगा देवळात येतो तो फोन लावायला."

मी बाकावर बसलो.

छप्पर बांधलंय तेही धड नाही. पुढचा काठ इतका खाली आलाय की मला वाकून आत जावं लागतं, आणि पाटीची शेवटची ओळ तर झाकूनच गेली आहे. हे काम टे झाचं. त्याला विचारलं तर म्हणाला, "मावशींनी सांगितलं तसं बांधलं." मी आईला म्हटलं, उद्या येऊन जरा वर उचलून देतो. ती म्हणाली, "राहू दे. खालीच बरं आहे."

त्यातल्या त्यात एक बरं झालं. आता मला उभं राहावं लागत नाही.

२९ नोव्हेंबर

रंगूनहून फोन. येणाऱ्या बाईंचं नाव मा थीरी. प्राचीन वास्तूंचं शिक्षण घेतलेल्या. आवाज मऊ, बोलणं स्पष्ट. म्हणाल्या, "आमच्या पाहुण्यांना अस्सल दाखवायचं आहे, को यान शिन. नवीन विटा, रंगीत दिवे, असलं वाटेत नको. गेल्या वर्षी दुसऱ्या एकांनी तेच दाखवलं आणि आम्हाला तक्रारी आल्या."

मी म्हटलं, आमच्या वाटेवर तसलं काही नाही.

फोन ठेवल्यावर टे झा म्हणाला, "दाजी, प्रभावळ बहुतेक रंगूनहूनही दिसत असेल."

२ डिसेंबर

उपाय सापडला. फ्वासोच्या अलीकडे उजवीकडे कोरडा ओढा लागतो. त्यातून शेळ्यांची वाट जाते ती थेट पुढच्या देवळांपाशी निघते. गाव टळतं, आई टळते, कर्णा टळतो. वाळू आहे, पण आज सकाळी मी एकटा जाऊन आलो. गाडी मजेत गेली. काटा हललासुद्धा नाही.

आईला सांगितलं की नऊ तारखेला फेरी नाही. ती म्हणाली, "बरं." मग तिनं विचारलं, "कुणी मोठं माणूस येणार आहे का?"

मी म्हटलं, छे.

"बरं," ती म्हणाली.

९ डिसेंबर

सगळं क्रमानं लिहितो, नाहीतर उद्या माझाच विश्वास बसणार नाही.

मा थीरी सकाळी आल्या. तिशीच्या, साध्या, पायांत चामड्याच्या चपला, उगाच बोलणं नाही. आम्ही तिघे निघालो: मी, त्या आणि मागे टे झा. पहिल्या दोन देवळांत त्या बराच वेळ टॉर्च धरून चित्रं बघत राहिल्या. मी सांगत होतो, त्या ऐकत होत्या. एकदा म्हणाल्या, "तुम्ही चांगलं बोलता." मला वाटलं, जमलं.

मग ओढा. त्या दिवशी मी एकटा होतो, पहाट होती, वाळू दवानं घट्ट बसलेली होती. आज दहा वाजले होते आणि वाळू पिठासारखी. चाकं रुतायला लागली. जोर लावला की गाडी ओरडते आणि तिथेच फिरते. ओढ्याच्या मधोमध माझा काटा पूर्णवरून शून्यावर गेला. मागोमाग टे झाचा. मा थीरींची गाडी थोडी पुढे गेली, मग तीही बसली. समोर शेळ्या उभ्या राहून बघत होत्या.

मा थीरींनी विचारलं, "नेहमी याच वाटेनं नेता?"

"नेहमी नाही," मी म्हणालो.

"आज का?"

मी म्हणालो, इथून देखावा चांगला दिसतो. ओढ्यातून फक्त ओढ्याचे काठ दिसतात.

टे झानं डिकी उघडली तर आत पाण्याच्या बाटल्यांखाली चार्जर होते. सान यीनं सकाळी गुपचूप टाकलेले. तिला माझ्यावर किती भरवसा आहे हे त्यातून कळतं. पण चार्जर असून काय उपयोग? वीज हवी. आणि आसपास वीज कुठे आहे हे आम्हा दोघांनाही माहीत होतं. मी दुसरं ठिकाण आठवत होतो. टे झा माझ्याकडे बघत होता. मग तो मा थीरींना म्हणाला, "ताई, जवळच एक देऊळ आहे. तिथं वीज आहे."

"देवळात?" त्या म्हणाल्या.

"भरपूर," टे झा म्हणाला.

उन्हात तीन गाड्या ढकलत आम्ही फ्वासोला गेलो. आई देवळाची पायरी झाडत होती. तिनं मला पाहिलं, घामेघूम झालेल्या मा थीरींना पाहिलं, गाड्या पाहिल्या. फेरी नाही म्हणाला होतास, असं काही बोलली नाही. पाणी आणलं, मग बाक झटकला, म्हणाली, "बस बाळ, सावलीत बस."

बोर्डावर एकच जागा रिकामी होती. आईनं आत जाऊन तीन वेळा वाकून नमस्कार केला आणि प्रभावळ बंद केली, मग कर्णाही बंद केला. "भगवान थोडा वेळ अंधारात बसतील," ती म्हणाली. "मी यायच्या आधी पावसातसुद्धा बसलेच होते."

तिन्ही चार्जर लागले. त्यानंतर दीड-दोन तास करायला काहीच नव्हतं. आईनं लफे, म्हणजे मुरवलेली चहाची पानं आणली, शेंगदाणे, ताडगूळ, चहा. पलीकडच्या घरातून उसनं अंडं आणून ऑम्लेट केलं. मा थीरी हात धुऊन आल्या आणि देवळाभोवती फिरल्या. विटांवर बोट फिरवलं, मान वर करून कळस बघितला. मग मला विचारलं, "हे कधीचं?"

मी तोंड उघडलं. जुनं आहे, हे शब्द ओठांवर होते.

आई म्हणाली, "सत्त्याण्णवचं. खाली गुडघ्यापर्यंत जुनं. वरचं मी."

"वरचं तुम्ही?"

"मी आणि गवंडी. कळस चुकलाय म्हणतात. असेल. मूळचा कुणी पाहिला होता?"

"डोकं?" मा थीरींनी बुद्धाकडे बोट न दाखवता हनुवटीनं विचारलं.

"तेही नवं. जुनं सापडलं नाही. खूप शोधलं मी. गुरं चारायच्या मैदानापर्यंत जाऊन शोधलं." आईनं चहा ओतला. "हा पाच वर्षांचा होईपर्यंत बोलायचा नाही. एक शब्द नाही. लोक म्हणायचे, मुका आहे. मी इथं या गुडघाभर भिंतीत येऊन बसायचे. म्हटलं, ह्याला बोलू दे, मी तुझं घर बांधीन. मग एक दिवस बोलला."

"काय बोलला?"

"'नको,'" आई म्हणाली. "मी भात भरवत होते. तेव्हापासून पैसे जमवायला लागले. पाच वर्षं गेली."

टे झा हसला. म्हणाला, "म्हणजे दाजींनी आयुष्यात एकदा नको म्हटलं, आणि त्याचं देऊळ झालं."

मा थीरीही हसल्या. मी छपराखाली वाकून बसलो होतो. माझ्या मानेमागे पाटी होती. त्यांनी विचारलं, "तुमचं नाव आहे का यात?" मी म्हणालो, असेल, झापांमुळे दिसत नाही. आईनं माझ्याकडे पाहिलं आणि कपबशा उचलायला लागली.

परतल्यावर मा थीरींनी चपलांतली वाळू झटकली. दुकानापाशी आभार मानून गेल्या. संपलं.

१० डिसेंबर

सान यीनं मंडालेच्या काकांना फोन केला. नुसती विचारपूस, म्हणाली. टायर कसे आहेत याचीही विचारपूस केली.

मी म्हटलं, आईनं गप्प बसायला हवं होतं. जुनं आहे म्हटलं असतं तर कुणाला कळलं असतं?

सान यी म्हणाली, "शिकलेली बाई आहे ती. तिला नवी वीट कळत नाही? सगळ्या जगाला दिसतं, फक्त तुम्हाला वाटतं की तुम्ही समोर उभे राहिलात की दिसत नाही."

"म्हणजे?"

"काही नाही. आई आंधळ्या नाहीत, इतकंच म्हणते."

आंधळी आहे असं कोण म्हणालं? या घरात प्रत्येक जण वाक्य अर्धं बोलतो.

१२ डिसेंबर

आईकडे गेलो. सांगायचंच ठरवून गेलो. म्हणालो, "आई, लोक जुनं बघायला येतात."

"माहीत आहे," ती म्हणाली.

"कदाचित आम्हाला मंडालेला जावं लागेल."

ती ताडगूळ कागदात बांधत होती. बांधून झाल्यावर म्हणाली, "तिकडे थंडी असते. पोरीला मोजे घ्या." मग म्हणाली, "मी कर्णा काढलाय. आणि यापुढे रस्त्यावर येणार नाही. तुझी फेरी जाऊ दे तुझ्या वाटेनं."

मी म्हणालो, तसं काही नाही गं. आता कर्णा काढून काय उपयोग, हे मात्र बोललो नाही.

चिंचेच्या वड्यांचा डबा भरलेला होता, फडताळावर वरच्या कप्प्यात. निघताना तिनं मला वड्या दिल्या नाहीत. वयामुळे विसरायला लागली असावी.

१८ डिसेंबर

मा थीरींचा फोन. मी दुकानाबाहेर पंक्चर काढत होतो, हात काळे, फोन टे झानं माझ्या कानाला धरला.

कंपनी घेते आहे. आठवड्याला तीन गट, जानेवारीपासून. अटी तीन. बॅटऱ्या बदलायच्या. ओढ्यातून कधीही जायचं नाही. आणि फ्वासोच्या त्या देवळापाशी मधली विश्रांती ठेवायची.

मी म्हटलं, पण ते अस्सल नाही.

"सावली आहे, वीज आहे, मागे स्वच्छ संडास आहे," त्या म्हणाल्या. "अख्ख्या वाटेवर हे सगळं फक्त तिथंच आहे. फक्त पाहुण्यांना नवं काय आणि जुनं काय ते नीट सांगा. तुमच्या आईंनी सांगितलं तसं." मग म्हणाल्या, "आणि दुसऱ्या कुठल्या वाटेवर असं काही असेल तर तेही आत्ताच सांगून टाका, को यान शिन. लपवलेलं मला लगेच कळतं."

टे झा संध्याकाळभर प्रत्येकाला विचारत होता, "तुमच्याकडे स्वच्छ संडास आहे का? नाही? मग तुम्ही अस्सल नाही."

बॅटऱ्यांचा विषय मी त्याच्याकडे काढला. परत कर म्हटलं. तो म्हणाला, "करतो." एवढंच होतं तर मी सहा महिने का थांबलो?

४ जानेवारी

पहिला गट. सहा जण, सगळे जर्मन. नव्या बॅटऱ्या, नीट रस्ता, कुणी पडलं नाही.

फ्वासोला पोचलो तर आई रस्त्यावर नव्हती. देवळाच्या मागे बसली होती, दिसू नये अशी. मी हाक मारली. दुसऱ्यांदा मारली तेव्हा आली, केसांत फूल नव्हतं. म्हणाली, "डबा आणू का?" मी म्हटलं, आण.

मी सांगायला सुरुवात केली. गुडघ्यापर्यंत जुनं, वरचं आईचं. गवंडी, बांगड्या, छान कर. पाहुणे हसले आणि कळसाकडे बघत राहिले. मग मी न बोलणाऱ्या मुलाचं सांगितलं. भात असं म्हणालो तेव्हा आईला कुठूनतरी कळलं. तिनं हात हलवून सांगितलं की तो भात नव्हता, खिचडी होती. म्हणजे त्या दिवशी मा थीरींना सांगितलं ते चूक. आता रोज ही चूक सुधारून घ्यावी लागणार. माझ्या पहिल्या शब्दाची गोष्ट, आणि मला ती सांगू देत नाहीत.

एका उंच पाहुण्याला पाटी बघायची होती. वाकला तो कमी वाकला, कपाळ काठावर आपटलं. मी आईकडून कोयता मागून घेतला.

छाटताना नीट पाहिलं. बाकीच्या छपराला एकेरी झापं आहेत. फक्त पुढच्या काठाला, एका बाजूला, जादाची तीन बांधलेली आहेत. पाटीच्या तिसऱ्या ओळीवर नेमकी. प्रत्येकाला दोन-दोन गाठी. टे झानं आयुष्यात कुठलंच काम इतकं नीट केलेलं नाही.

मी तिन्ही काढली. एका बाईंनी विचारलं, काय लिहिलंय? मी वाचून दाखवलं. बाबांचं नाव, आईचं, आणि माझं.

आई डबा धरून उभी होती. म्हणाली, "आता तुला ऊन लागेल."

"लागू दे," मी म्हणालो.

ती झापं तिनं उचलली आणि घरामागे नेऊन भिंतीला टेकवून ठेवली. कशाला, विचारलं तर म्हणाली, "असू दे. कधी लागलीच तर."

संध्याकाळी गाड्या चार्जिंगला लावल्या, सायकल घेतली, पुन्हा फ्वासोला गेलो आणि ती झापं तिच्या चुलीत घातली. वाळलेली होती, भसकन पेटली.

आई तांदूळ धूत होती. म्हणाली, "चांगली झापं होती."

"होती," मी म्हणालो.

मग तिनं मला वड्या दिल्या.